केस विंचरून घेणारी नटी



हॉटेलातली एक खोली डोळ्यांपुढे आणा. नवराबायको नुकतीच प्रवासातून आली आहेत. बाई खुर्चीवर बसली आहे. तेवढ्यात ब्रश हलतो, कोणी हात न लावता वर उचलला जातो आणि तिच्या केसांवरून फिरू लागतो. केस विंचरून होतात, त्यांची वेणीही पडते. खोलीत दासी नाही, चाकर नाही. नवऱ्याच्या बुटांवरही असाच एक ब्रश आपोआप फिरतो, त्याची दाढी आपोआप होते, टाक उठून कागदावर पत्र लिहितो. त्याआधी दोघांचे सामान कोणी न उचलता वर आलेले आहे आणि बॅगेतले कपडे आपल्या पायांनी चालत गेल्यासारखे जागच्या जागी जाऊन बसले आहेत.

हा चित्रपट १९०८ सालचा. त्याचे नाव मराठीत सांगायचे तर ‘विजेचे हॉटेल’. लांबी दहा मिनिटांच्या आतच. त्या काळी वीज ही मोठ्या शहरांतल्या लोकांनाही नवलाची वस्तू होती. ‘विजेने काय वाटेल ते होईल’ असे लोकांना वाटे, त्या समजुतीची ही गंमत. हॉटेलातली सारी कामे तळघरातल्या विजेच्या यंत्रावर चालतात. शेवटी त्या तळघरात एक दारू प्यालेला गडी भलतेच खटके ओढतो आणि सगळ्या हॉटेलात हलकल्लोळ उडतो. खुर्च्या-टेबले धावू लागतात, माणसे आणि सामान यांचा एकच ढीग होतो.

चित्रपट काढणारा माणूस स्पेनमधला, सेगुंदो दे चोमोन. युरोपातल्या सिनेमाच्या इतिहासात आज त्याचे नाव आदराने घेतात. पण मला आज त्याच्याविषयी बोलायचे नाही. म्हणजे बोलावे लागेल, पण ओघाने. मला बोलायचे आहे ते त्या खुर्चीवर बसलेल्या बाईविषयी. तिचे नाव ज्युलियेन मात्यू.

ज्युलियेन ही फ्रेंच. पण तिचा संसार झाला तो या स्पॅनिश माणसाशी, आणि स्पेनच्या आरंभीच्या सिनेमाची हकीगत तिला वगळून पुरी होत नाही. ती मुळात रंगभूमीवरची नटी. पुढे पाते या फ्रेंच कंपनीच्या कितीतरी लहान लहान चित्रपटांत तिने कामे केली. ते चित्रपट स्पेनमध्ये, फ्रान्समध्ये, अमेरिकेत, जिथे जिथे पाते कंपनीचा माल जाई तिथे लोकांनी पाहिले. तिचा चेहरा लाखो लोकांनी पाहिला असेल, नाव मात्र त्यांतल्या कुणाला ठाऊक नव्हते.

आता तुम्ही म्हणाल, असे कसे? सिनेमा सुरू होताना पाटी येते, नटनट्यांची नावे येतात. ती पद्धत नंतरची. १९०८ च्या आसपास पाटीवर फक्त चित्रपटाचे नाव आणि कंपनीची खूण असे. पाते कंपनीची खूण म्हणजे कोंबडा. कोंबड्याची आठवण लोकांना राही. कंपनीच्या यादीत चित्रपटाचे नाव, मीटरमध्ये लांबी आणि किंमत. कापडाच्या दुकानात ठाण मोजून देतात ना, तसाच चित्रपट मीटरवर विकला जाई. कापड कोणत्या विणकराने विणले हे गिऱ्हाईक विचारीत नाही. नट कोण, हेही कुणी विचारीत नसे.

त्याच पाते कंपनीत १९०५ पासून माक्स लँदेर नावाचा एक विनोदी नट काम करीत होता. १९१० च्या सुमारास त्याचे नाव जगभर झाले, लोक त्याचे नाव पाहून तिकीट काढू लागले. पुढे चार्ली चॅप्लिननेही त्याला आपला गुरू मानले. कंपनी तीच, वर्षेही जवळजवळ तीच. लँदेर प्रेक्षकाला आपल्याकडे बघायला लावी. ज्युलियेनचे काम नेमके उलट, म्हणजे प्रेक्षकाने तिच्याकडे न बघता चमत्काराकडे बघावे, याची व्यवस्था करणे. हे काम कसे असते ते मी थोड्या वेळाने सांगतो, कारण खरी गोष्ट तिथेच आहे.

आधी तिची थोडी हकीगत.

सेगुंदो दे चोमोनचा जन्म १८७१ साली तेरुएल या गावी झाला. स्पेनच्या आरागॉन प्रांतातले हे डोंगराळ भागातले गाव. बाप लष्करात डॉक्टर. मुलगा तरुणपणी पॅरिसला आला आणि तिथे त्याची ज्युलियेनशी गाठ पडली. १८९७ साली त्यांना मुलगा झाला, त्याचे नाव रोबेर. त्याच सुमारास चोमोन स्पेनच्या सैन्यातून क्युबाला गेला. क्युबा तेव्हा स्पेनच्या ताब्यात होता, तिथे युद्ध पेटले होते. १८९८ साली स्पेनने तो गमावला. इकडे पॅरिसमध्ये ज्युलियेन चित्रपट रंगविण्याच्या कामात शिरली, असे चोमोनचे चरित्रकार सांगतात. म्हणजे या घरात सिनेमाचा धंदा आधी आणला तो बाईने. नवरा युद्धावरून परतला तेव्हा त्याला ही वाट तिच्यामुळे दिसली.

चित्रपट रंगविणे म्हणजे काय, हे ऐकण्यासारखे आहे. रंगीत फिल्म तेव्हा नव्हतीच. चित्र काळेपांढरे उमटे आणि त्याच्यावर हाताने रंग भरीत. फिल्मची पट्टी तुम्ही पाहिली असेल. तिच्यावर ओळीने लहान लहान चित्रे असतात. एकेक चित्र जेमतेम इंचभर रुंद आणि पाऊण इंच उंच. त्या काळी एका सेकंदात अशी साधारण सोळा चित्रे डोळ्यांपुढून जात. शिक्षकांनी मुलांना हा हिशेब जरूर घालावा : पाच मिनिटांचा चित्रपट म्हणजे तीनशे सेकंद, तीनशे गुणिले सोळा म्हणजे चार हजार आठशे चित्रे. या प्रत्येक चित्रात नटीचा झगा तांबडा करायचा, पंख पिवळे करायचे. पोस्टाच्या तिकिटाएवढ्या चौकटीत तो झगा मुगाच्या दाण्याएवढा असायचा. भिंगाखाली पट्टी धरायची, चारदोन केसांचा कुंचला घ्यायचा आणि रंग लावायचा. हात जरा हलला की पडद्यावर झग्याचा रंग झग्याबाहेर उडालेला दिसे. आणि ही एकच प्रत झाली बरं का. दुसरी प्रत हवी असेल तर पुन्हा पहिल्यापासून चार हजार आठशे.

हे काम करीत त्या बहुतेक साऱ्या स्त्रिया. पॅरिसमध्ये मादाम थ्युइल्ये यांचा असा मोठा कारखाना होता, तिथे दोनशेहून अधिक बायका बसत. एकीकडे एकच रंग. तांबडा लावणारी तांबडाच लावणार, तिच्या हातून पट्टी पुढे गेली की दुसरी हिरवा लावणार. जॉर्ज मेलियेस या प्रसिद्ध जादूगार-दिग्दर्शकाचे चित्रपट याच कारखान्यात रंगत. त्याच्या १९०२ सालच्या ‘चंद्रावरचा प्रवास’ या चित्रपटाची हाताने रंगविलेली एक प्रत १९९३ साली बार्सिलोनात सापडली. तिच्यात तेरा हजारांवर चित्रे आहेत आणि एका निशाणाला स्पेनच्या झेंड्याचे रंग दिले आहेत. ती पुढे दुरुस्त करून २०११ साली लोकांना दाखविली. ती कोणत्या बायकांनी रंगविली हे तिच्यावर कुठेही लिहिलेले नाही. रंगविणाऱ्या बायकांची नावे लिहीतच नसत.

१९०२ च्या सुमारास चोमोन आणि ज्युलियेन बार्सिलोनाला राहायला आली आणि पाते कंपनीचे चित्रपट रंगवून देण्याचा कारखाना त्यांनी तिथे चालविला. नुसत्या हाताने पुरे पडेना तेव्हा साच्याची रीत आली. आपल्याकडे रांगोळीचे छाप असतात पाहा, पत्र्याला भोके पाडलेली असतात, वरून रांगोळी फिरविली की खाली नक्षी उमटते. तसेच हे. फिल्मची एक जादा प्रत घ्यायची, तिच्या प्रत्येक चित्रातला जेवढा भाग तांबडा हवा तेवढा पात्याने कापून काढायचा आणि तो साचा दुसऱ्या प्रतीवर ठेवून रंग फिरवायचा. प्रत्येक रंगाला वेगळा साचा. कापायला दिवसेंदिवस लागत, पण एकदा कापला की कित्येक प्रती त्याच्यावर निघत. या रीतीच्या सुधारणेचे श्रेय इतिहासकार चोमोनला देतात. ते त्याचे आहेच. पण घरात आधी कुंचला कुणी धरला होता, ते आपण नुकतेच ऐकले.

बार्सिलोनातच चोमोन कॅमेऱ्यामागे उभा राहू लागला. एका बोटाएवढ्या मुलाची गोष्ट, गलिव्हरची गोष्ट, आगगाड्यांची टक्कर असे युक्तीचे चित्रपट त्याने काढले. आगगाड्या अर्थात खेळण्यातल्या. त्याची ही करामत पाहून १९०५ साली पाते कंपनीने त्याला पॅरिसला बोलावून घेतले, आणि ज्युलियेन कॅमेऱ्यासमोर आली. पुढची चार-पाच वर्षे या जोडप्याने पॅरिसजवळच्या स्टुडिओत झपाट्याने काम केले. महिन्यामहिन्याला नवे चित्रपट निघत. काचेचे छप्पर, वरून येणारा सूर्यप्रकाश, मदतीला दिवे.

त्या चित्रपटांतली तिची कामे बहुधा दोन तऱ्हांची. एक तऱ्हा म्हणजे जादू दाखविणारी बाई. झगमगीत पोशाख करून ती पुढे येते, प्रेक्षकांना लवून नमस्कार करते आणि हाताने खूण करते, की झालाच चमत्कार. १९०८ च्या ‘आधुनिक शिल्पकार’ या चित्रपटात ती अशीच आपल्यापुढे मातीची चित्रे ठेवते. मातीचा गोळा आपोआप हलतो, दबतो, वर येतो आणि त्यातून आकृती तयार होते. दुसरी तऱ्हा परीची किंवा कल्याण करणाऱ्या देवतेची. १९०७ च्या ‘लाल पिशाच’ या चित्रपटात एक सांगाडेवाला मांत्रिक गुहेत राहतो. तो बायकांना बाटल्यांत कोंडतो आणि त्या बाटल्या अगदी आपल्या तोंडासमोर आणून दाखवितो. आत एकेक चिमुकली बाई जिवंत हलताना दिसते. त्याचा डाव मोडणारी जी चांगली शक्ती आहे ती ज्युलियेन, असे अभ्यासक मानतात. चित्र आजही पाहण्यासारखे आहे. मांत्रिक मात्र लहान मुलांना थोडा भिववील.

आता या कामाची मेख सांगतो. मांत्रिकाने टाळी वाजविली आणि बाई नाहीशी झाली, असे पडद्यावर दिसते. प्रत्यक्षात काय होते? कॅमेरा फिरविणारा थांबतो. सगळे नट आहेत त्या स्थितीत गोठून उभे राहतात. हात वर असेल तर हात वर, मान वळलेली असेल तर वळलेली. तेवढ्यात नाहीशी व्हायची ती बाई निघून जाते. मग कॅमेरा पुन्हा फिरू लागतो आणि बाकीचे नट जणू मध्ये काही झालेच नाही असे पुढचे काम करतात. यांपैकी एकाचा हात बोटभर जरी खाली आला तरी पडद्यावर तो एकदम हिसका खातो, जादूचा बेरंग होतो. रंगभूमीवरच्या नटीला भाव धरून ठेवायला शिकवितात. इथे भावाबरोबर सारे अंगच धरून ठेवायचे, आणि तेही ‘धरून ठेवले आहे’ असे दिसू न देता.

विजेच्या हॉटेलात तर याच्याही पुढची पायरी आहे. तिथे ब्रश हलतो कसा? कॅमेऱ्याचा दांडा एकदा फिरविला की साधारणतः आठ चित्रे निघत, सेकंदाला दोन फेरे. चोमोनने एका फेऱ्याला एकच चित्र निघेल अशी व्यवस्था केली. एक चित्र घ्यायचे, थांबायचे, ब्रश थोडा सरकवायचा, बाजूला व्हायचे, दुसरे चित्र घ्यायचे. असे करीत गेले की पडद्यावर ब्रश आपोआप फिरतो. कुठे कुठे बारीक दोऱ्यांनी वस्तू ओढण्याचीही त्या काळी रीत होती, पण मुख्य भार या एकेका चित्रावर. निर्जीव वस्तू अशा हलविणे आधीही झाले होते. १९०७ साली अमेरिकेत ब्लॅक्टन नावाच्या माणसाने ‘झपाटलेले हॉटेल’ काढले होते आणि त्याने फ्रान्समधल्या कंपन्यांची झोप उडविली होती. पण टेबलावरची सुरी सरकविणे निराळे आणि जिवंत बाईच्या डोक्यावर ब्रश फिरविणे निराळे. सुरीला शिंक येत नाही.

आपण अंदाजी हिशेब करू. केस विंचरण्याचा देखावा समजा अर्ध्या मिनिटाचा आहे. तीस गुणिले सोळा, म्हणजे चारशे ऐंशी चित्रे. दर चित्राला ब्रश सरकविणे, हात काढून घेणे, चित्र घेणे, याला कमीत कमी अर्धा मिनिट धरा. झाले चार तास! दोन-दोन चित्रांना एकदा ब्रश हलविला तरी दोन तास. एवढा वेळ ज्युलियेनने एका खुर्चीवर, मान एकाच कोनात ठेवून बसायचे. श्वास घ्यायचा, पण खांदा वर गेलेला दिसता कामा नये. डोळे मिटायचे ते दोन चित्रांच्या मधल्या वेळात. आणि चेहरा? चेहऱ्यावर आराम हवा. प्रवासाने दमलेली बाई, आयती सेवा मिळते आहे म्हणून सुखावलेली. तासन् तास आखडून बसून आरामात असल्याचे दाखवायचे. मला तरी हा अभिनय लहानसहान वाटत नाही. मोठमोठ्याने रडणे-हसणे पुष्कळांना येते.

हीच एकेका चित्राची युक्ती आपल्या दादासाहेब फाळक्यांनीही वापरली होती. १९१२ साली विलायतेहून परतल्यावर त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ दिवसादिवसाने टिपली आणि बी रुजून वेल वर चढताना पडद्यावर दाखविला. पुढे आगकाड्या नाचवूनही एक गंमतीचे चित्र केले. त्यांच्या घरात फिल्मच्या कडांना भोके पाडण्याचे, ती धुण्याचे काम सरस्वतीबाई करीत. तेव्हा पॅरिस आणि बार्सिलोनात जे चालले होते ते आपल्याला फारसे अनोळखी वाटायला नको.

आता एक वाद आहे, तोही सांगून टाकतो. पुष्कळ पुस्तकांत ‘विजेचे हॉटेल’ १९०५ साली बार्सिलोनात निघाले असे छापलेले आढळते. स्पेनला अर्थातच ते हवेसे वाटले. एवढी मोठी करामत आपल्या मातीत झाली म्हणायला कोणाला आवडणार नाही? पण जुन्या याद्या आणि प्रती तपासल्यावर तो पाते कंपनीचा १९०८ चा चित्रपट ठरतो. म्हणजे पैसा फ्रेंच, स्टुडिओ फ्रेंच, डोके स्पॅनिश, आणि खुर्चीवर बसलेली बाई फ्रेंच, पण बार्सिलोनात घर करून राहिलेली. याला कोणत्या देशाचा सिनेमा म्हणायचे? त्या काळच्या सिनेमाला सीमेवरच्या चौक्या फारशा ठाऊक नव्हत्या असे माझे मत. माणसे कामाच्या मागे जात. हे कुटुंबही १९१० साली पुन्हा बार्सिलोनाला गेले, तिथून १९१२ साली इटलीत तोरिनोला. तिथे चोमोनने ‘काबिरिया’ या १९१४ सालच्या अतिशय गाजलेल्या चित्रपटावर काम केले; चाकाच्या गाड्यावर कॅमेरा ठेवून तो चालत्या माणसासारखा पुढे सरकविला. मुलगा रोबेर मोठा होऊन बापाच्या हाताखाली कॅमेऱ्याचे काम शिकला. १९२७ च्या ‘नेपोलियन’ या फ्रेंच महाचित्रपटातही चोमोनचा हात होता. १९२९ साली तो पॅरिसमध्ये वारला. बोलपट नुकता आला होता. ज्युलियेन त्याच्यामागे चौदा वर्षे जगली आणि १९४३ साली, महायुद्धाच्या ऐन धामधुमीत गेली.

या चित्रपटांचे पुढे काय झाले? आधी फिल्म विकली जाई, १९०७-०८ पासून भाड्याने देण्याची पद्धत आली. जत्रेतले खेळवाले विकत घेत, गावोगाव दाखवीत, तुटली की जोडीत, पहिली पाटी फाटली की दुसऱ्या चित्रपटाची लावीत. फिल्म ज्या पदार्थाची असे तो चटकन पेट घेई; कित्येक प्रती जळाल्या, कित्येक आतली चांदी काढण्यासाठी वितळविल्या. उरल्या त्यांतल्या पुष्कळांवर नावच नव्हते. खुद्द चोमोनची चित्रे कित्येक वर्षे मेलियेसची किंवा झेक्का नावाच्या दिग्दर्शकाची म्हणून दाखविली गेली. दिग्दर्शकाची ही गत, तिथे नटीला कोण विचारतो! १९७२ साली फर्नांदेझ क्वेन्का या स्पॅनिश इतिहासकाराने चोमोनवर पुस्तक लिहिले, १९८८ साली थारात्स या दुसऱ्या अभ्यासकाने त्याच्या चित्रपटांचा मोठा शोध प्रसिद्ध केला. मग चित्रपट एकमेकांशेजारी ठेवून पाहणे सुरू झाले. या चित्रातली परी आणि त्या चित्रातली जादूवाली बाई एकच दिसते. मान वळविण्याची ढब तीच, लवून नमस्कार करण्याची तऱ्हा तीच. अशा ओळखीवर ज्युलियेनच्या नावापुढे चित्रपटांची यादी हळूहळू वाढत गेली.

यात एक धोका आहे, तोही लक्षात ठेवला पाहिजे. एकदा नाव सापडले की चोमोनच्या चित्रातली प्रत्येक अनोळखी बाई ज्युलियेनच, असे म्हणण्याचा मोह होतो. तसे केले तर तिच्याबरोबर काम करणाऱ्या दुसऱ्या बायकांवर आपण तोच अन्याय करू, जो तिच्यावर झाला. बाटलीत कोंडलेल्या त्या चिमुकल्या बायका कोण होत्या? रांगेत नाचणाऱ्या पऱ्या कोण? त्याही कुठल्या तरी नाटकगृहातून दिवसाच्या मजुरीवर आलेल्या असणार. म्हणून चांगले अभ्यासक ‘बहुधा’ हा शब्द सोडीत नाहीत. विजेच्या हॉटेलातली नवराबायको म्हणजे चोमोन आणि ज्युलियेन, असे मात्र आज जवळजवळ सर्वत्र मानले जाते.

हे समजल्यावर तो देखावा पाहायला वेगळीच गंमत येते. नवऱ्याच्या भूमिकेतला माणूस आपल्या शेजारीच आखडून बसला आहे आणि युक्तीही त्याचीच. केसांवर ब्रश सरकविणारे हात, ज्या क्षणी चित्र घेतले जाते त्या क्षणी तिथे नसतात. जिने हजारो चौकटींत कुंचल्याने रंग भरला, तिला एकेका चौकटीचा हिशेब काय असतो हे सांगावे लागले नसेल. दर चित्राला आपले डोके कुठे होते हे तिला माहीत असले पाहिजे, नाहीतर वेणी मध्येच उडी मारील.

शिक्षकबंधुभगिनींना एक सुचवितो. आता बहुतेकांच्या हाती मोबाईल असतो आणि त्यात कॅमेरा असतो. तो एका स्टुलावर घट्ट टेकवून ठेवा, दोऱ्याने बांधला तर उत्तम. समोर एका मुलीला खुर्चीवर बसवा. दुसऱ्या मुलीने फणी केसांवर दोन बोटे सरकवायची, दिसू नये म्हणून फणी केसांतच अडकवून हात काढून बाजूला व्हायचे, तिसऱ्याने फोटो काढायचा. असे बत्तीस फोटो झाले की दोन सेकंदांचा सिनेमा झाला. बोटाने भराभर पुढे सरकविले तरी फणी चालताना दिसेल. उजेड बदलू नये म्हणून खिडकीपासून दूर बसा, नाहीतर ढग आला की चित्र लुकलुकते. फणी सरकविणारीला आणि फोटो काढणाऱ्याला मजा वाटेल, दमेल ती बसलेली मुलगी. तिला मध्येच पाणी प्यायला उठवू मात्र नका. परत बसल्यावर डोके पहिल्या जागी येत नाही.